नखांचा आकार बदलला तर काय समजावं, आणि घरी कसं तपासावं

नखावर पांढरा ठिपका दिसला की लोक लगेच कॅल्शियमच्या गोळ्या सुरू करतात. तो ठिपका बहुतेक वेळा नखाच्या मुळाशी बसलेल्या बारीकशा माराचा असतो. बगळ्यांना नखं दाखवून कवडी मागणाऱ्या मुलांच्या नखांवर तो हमखास सापडतो आणि कॅल्शियमशी त्याचा काही संबंध नाही. याउलट नख फुगत जाणं, सपाट होऊन पुढे खोलगट होणं, सगळ्या नखांवर एकाच उंचीला आडवी खाच उमटणं, याकडे महिनोन्‌महिने कुणाचं लक्ष जात नाही. रंग एका दिवसात डोळ्यांत भरतो. आकार इतका सावकाश बदलतो की रोज बघणाऱ्याला तो दिसतच नाही. म्हणून आकार मुद्दाम तपासावा लागतो, आणि तो तपासायची पद्धत शिकायला अर्धा तास पुरतो.

एक गोष्ट आधीच स्पष्ट करतो. नख बघून आजाराचं नाव सांगता येत नाही. कुठली तपासणी करायची आणि ती किती लवकर करायची, हे मात्र चांगलं ठरवता येतं.

नख कुठे तयार होतं

नख तयार होतं ते मागच्या कातडीखाली दडलेल्या मुळाशी. अंगठ्यावर जी पांढरट चंद्रकोर दिसते, ती या मुळाचीच बाहेर डोकावणारी कड. तिथून हाताचं नख महिन्याला साधारण ३ मि.मी. पुढे सरकतं, पायाचं १ ते १.५ मि.मी. त्यामुळे हाताचं नख पूर्ण बदलायला सुमारे ६ महिने लागतात, पायाच्या अंगठ्याचं १२ ते १८ महिने.

आकार तीन कारणांनी बदलतो. मुळाचं काम बिघडलं तर नखावर खाचा, खड्डे पडतात किंवा नख पातळ होतं. नखाखालचं मांस बदललं तर नख वर उचललं जातं, फुगतं किंवा सुटतं. आणि तिसरं कारण बाहेरचं: पाणी, साबण, मार, घट्ट बूट, नख कुरतडायची सवय. दवाखान्यात येणाऱ्या नखांच्या तक्रारींत हे तिसरं कारण फार मोठं असतं, म्हणून आतल्या आजाराची शंका घेण्याआधी हातांनी रोज काय काम होतं ते आठवावं.

तपासणीची तयारी

नेलपॉलिश, जेल, चिकटवलेली नखं काढा. नखं बोटाच्या टोकाला लागून कापा, कारण लांब नखांमुळे बाजूचा आकार कळत नाही. मेंदी नखावरून धुऊन जात नाही, ती नखाबरोबर वाढून बाहेर पडते. पण मेंदी असली तरी आकार व्यवस्थित तपासता येतो, फक्त रंगाबद्दल मत बनवू नका. हळद, कच्ची केळी, फणसाचा चीक आणि तंबाखू यांचे डागही ध्यानात ठेवा.

दिवसा खिडकीपाशी बसा. ट्यूबलाइटच्या थेट उजेडात बारीक खाचा दिसत नाहीत. उजेड बाजूने पडला की त्या उठून दिसतात. जवळ मि.मी.च्या खुणा असलेली पट्टी, शिवणाचा दोरा आणि स्वच्छ पाणी ठेवा. मोबाइलवर पाच फोटो काढा: दोन्ही हात वरून, दोन्ही तर्जन्या बाजूने, आणि पुढे सांगितलेली खिडकीची चाचणी. चौकटीत पट्टी दिसू द्या. दर महिन्याला त्याच तारखेला, त्याच खिडकीपाशी हेच फोटो पुन्हा काढा. तीन महिन्यांचे फोटो शेजारी ठेवले की जे डोळ्यांना कळत नव्हतं ते कळतं.

पहिला प्रश्न: एक नख की सगळी नखं?

बाकी काही लक्षात राहिलं नाही तरी हे ठेवा. बदल एकाच बोटाला असेल तर कारण बहुधा त्या बोटातच असतं: जुना मार, नखुरडं, बुरशी, चामखीळ, नखाखालची गाठ. बदल दोन्ही हातांच्या बऱ्याच नखांना, सारख्याच प्रकारे असेल तर कारण शरीरात शोधावं. पायाची नखं या बाबतीत फसवी असतात, कारण बूट, चालणं आणि वय यांचा परिणाम त्यांच्यावर आधीच झालेला असतो. निर्णय हाताच्या नखांवरून घ्या.

दुसरा प्रश्न, कधीपासून? जन्मापासून किंवा शाळेपासून तशीच नखं असतील, वडील किंवा काकांचीही तशीच असतील, तर तो घराण्याचा आकार समजावा. गेल्या सहा महिन्यांत बदललेलं नख ही वेगळी बाब आहे.

फुगलेली, गोलसर नखं

या सगळ्यात सर्वांत महत्त्वाचा बदल हाच आहे. डॉक्टर त्याला क्लबिंग म्हणतात. नख घड्याळाच्या काचेसारखं दोन्ही दिशांनी फुगतं आणि बोटाचं टोक ढोलाच्या टिपरीसारखं जाड होतं. इसवी सनापूर्वीच्या पाचव्या-चौथ्या शतकात होऊन गेलेल्या ग्रीक वैद्य हिपोक्रेटिसने छातीत पू झालेल्या रोग्यांमध्ये हे वर्णन केलं होतं. या बदलात दुखत नाही, खाजत नाही, म्हणूनच तो राहून जातो.

तो एका क्रमाने वाढतो. आधी नखाच्या मुळाचं मांस मऊ होतं, मग कातडी आणि नख यांच्यातला कोन बुजतो, मग नख वाकतं आणि शेवटी टोक जाड होतं. ओळखायला चार तपासण्या आहेत, त्या याच क्रमाने करा.

मूळ दाबून बघणं. एका बोटाचं टोक बाजूंनी धरून नखाच्या मुळावरच्या कातडीवर दुसऱ्या हाताच्या बोटाने हलकेच दाबा. निरोगी नख हाडावर घट्ट बसलेलं जाणवतं. क्लबिंगमध्ये ते स्पंजावर तरंगत असल्यासारखं खाली-वर होतं. आधी एखाद्या निरोगी माणसाचं बोट दाबून बघा, म्हणजे फरक हाताला कळेल.

बाजूचा कोन. तर्जनी डोळ्यांसमोर आडवी धरून बाजूने बघा. बोटाची कातडी आणि नख जिथे मिळतात तिथे एक उथळ खोलगा दिसायला हवा. तो कोन साधारण १६० अंशांचा असतो. तो सपाट होऊन १८० अंशांपर्यंत आला किंवा त्याच्याही पुढे जाऊन तिथे उंचवटा झाला, तर क्लबिंग समजावं. व्हिजिटिंग कार्डाची कड बोटाच्या पाठीवरून नखावर लांबीने टेकवा. सांध्यावर ती उचलली जाऊ नये म्हणून कड सांध्याच्या पुढूनच लावा. निरोगी बोटात कडेखाली मुळापाशी फट राहते.

खिडकीची चाचणी. दोन्ही हातांची एकच बोटं घ्या, उदाहरणार्थ दोन्ही अनामिका. शेवटचं पेर वाकवून नखाला नख, पाठीला पाठ लावा. शेवटचे सांधे एकमेकांना टेकू द्या आणि उजेडाकडे धरा. दोन नखांच्या मुळांमध्ये शंकरपाळ्याच्या आकाराची छोटी फट दिसली पाहिजे. ती फट गायब झाली आणि दोन बोटांची टोकं एकमेकांपासून फाकलेली दिसू लागली, तर चाचणी सकारात्मक, म्हणजे क्लबिंग आहे. दक्षिण आफ्रिकेतले हृदयरोगतज्ज्ञ लिओ शामरॉथ यांनी स्वतः हृदयाच्या झडपेच्या संसर्गाने आजारी असताना आपल्या बोटांत होणारा बदल टिपला आणि १९७६ मध्ये तो प्रसिद्ध केला. चाचणी त्यांच्याच नावाने ओळखली जाते. इथे लोक दोन चुका करतात: बोटांची टोकं जोराने दाबतात, त्यामुळे फट खोटीच बंद होते, किंवा सांधे टेकवत नाहीत, त्यामुळे ती खोटीच मोठी दिसते.

दोऱ्याचं माप. शिवणाचा दोरा नखाच्या मुळाभोवती गुंडाळून घेर मोजा, मग शेवटच्या सांध्याभोवतीचा घेर मोजा. मुळाचा घेर सांध्यापेक्षा कमी असायला हवा. दहाही बोटांसाठी मुळाचा घेर भागिले सांध्याचा घेर असा भागाकार काढून बेरीज करा. ती १० पेक्षा स्पष्टपणे जास्त आली तर शंका पक्की होते. दोरा प्रत्येक वेळी सारखाच ताणलेला ठेवा; सैल दोऱ्याने सगळा हिशेब चुकतो.

आता कारणं. फुप्फुसं आणि हृदय ही सर्वांत मोठी: फुप्फुसाचा कर्करोग, फुप्फुसात किंवा छातीच्या आवरणात साठलेला पू, श्वासनलिका कायमच्या रुंद होऊन कफ साठणं, फुप्फुसं ताठर करणारे आजार, जन्मजात हृदयविकार ज्यात बाळ निळं पडतं, आणि हृदयाच्या झडपेचा जंतुसंसर्ग. क्षयरोगाने फुप्फुसाची जुनी मोडतोड झालेल्यांतही हा बदल आढळतो. त्याशिवाय यकृताचा सिरॉसिस, आतड्यांचा दीर्घ दाह आणि थायरॉइडचा एक विशिष्ट आजार. काही घराण्यांत तो आजाराशिवाय, पिढ्यान्‌पिढ्या असतो. असा का होतो याचं सर्वांत पटणारं स्पष्टीकरण रक्तातल्या बिंबिकांशी (प्लेटलेट्सशी) जोडलेलं आहे. त्यांना जन्म देणाऱ्या मोठ्या पेशी सामान्यतः फुप्फुसांच्या बारीक वाहिन्यांत फुटतात. तिथे त्या अडल्या नाहीत तर त्या बोटांच्या टोकांपर्यंत पोहोचतात आणि तिथे वाढ घडवणारी द्रव्यं सोडतात.

एक बारकावा फार मोलाचा आहे. विडी-सिगारेटमुळे होणाऱ्या जुन्या दम्यासारख्या आजाराने, म्हणजे सीओपीडीने, एकट्याने क्लबिंग होत नाही. घरात वीस वर्षं विडी ओढणारे, धाप लागणारे आजोबा असतील आणि त्यांची नखं अलीकडे गोल होत असतील, तर "त्यांचं जुनंच आहे" म्हणून सोडून देऊ नका. त्याच आठवड्यात छातीचा एक्स-रे काढा. एक्स-रे स्वच्छ आला आणि नखं खरोखर नव्याने बदललेली असतील, तर सीटी स्कॅनबद्दल डॉक्टरांना स्पष्ट विचारा, कारण लहान किंवा हृदयामागे लपलेली गाठ एक्स-रेत चुकू शकते. नखांसोबत मनगट आणि घोटे दुखत, सुजत असतील तर ते संधिवाताच्या खात्यावर टाकू नये. हाच आजार हाडांच्या आवरणापर्यंत पोहोचल्याचं ते लक्षण असू शकतं. दोन आठवड्यांपेक्षा जास्त खोकला असेल तर थुंकीची तपासणी सरकारी केंद्रात मोफत होते.

लहान मुलात गोल नखं, निळसर ओठ आणि खेळताना मधेच उकिडवं बसणं एकत्र दिसलं तर हृदयाची इको तपासणी लांबवू नये. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात ० ते १८ वर्षांच्या मुलांची अंगणवाडीत आणि शाळेत तपासणी होते आणि जन्मजात हृदयविकाराच्या उपचारांची सोयही त्यात आहे. अंगणवाडी सेविकेला किंवा प्राथमिक आरोग्य केंद्रात त्याबद्दल विचारावं.

फक्त एकाच हाताची बोटं फुगली असतील तर त्या हाताच्या रक्तवाहिनीकडे बघावं लागतं. डायलिसिससाठी फिस्टुला (धमनी आणि शिरेची जोडणी) केलेल्या हातात असं होऊ शकतं. मूळ आजार बरा झाला तर नखं पुष्कळदा पूर्ववत होतात, पण त्याला महिने लागतात.

सपाट, मग चमच्यासारखी खोल नखं

निरोगी नखाला बाजूकडून बाजूकडे हलकी कमान असते. शरीरातलं लोह कमी झालं की नख पातळ, ठिसूळ होतं, कमान सपाट होते आणि शेवटी कडा वर येऊन मध्ये खळगा पडतो. अंगठा, तर्जनी आणि मधलं बोट आधी बघा.

चाचणी सोपी आहे. हात टेबलावर आडवा ठेवून ड्रॉपरने नखाच्या मध्यावर पाण्याचा एकच थेंब सोडा. निरोगी नखावरून तो ओघळतो. चमच्यासारख्या नखावर तो बसून राहतो. तेलकट नखावर थेंब उगाच गोळा होतो, म्हणून आधी साबणाने हात धुऊन पुसा. सपाट अवस्थेत थेंब कधी थांबतो, कधी ओघळतो. तेव्हा बाजूने बघा आणि पुढच्या महिन्याच्या फोटोशी ताडा.

लोह कमी असलेल्या प्रत्येकाची नखं अशी होत नाहीत. नखं अगदी व्यवस्थित असूनही हिमोग्लोबिन ७ असू शकतं. म्हणून "नखं चांगली आहेत, म्हणजे रक्त चांगलं आहे" असा उलटा निष्कर्ष कधीही काढू नये. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या २०१९-२१ च्या फेरीत महाराष्ट्रातल्या १५ ते ४९ वयाच्या ५४ टक्के स्त्रियांमध्ये रक्तक्षय आढळला. इतका तो सर्रास आहे, की थकवा, जिना चढताना धाप, केस गळणं, माती-खडू-बर्फ खावंसं वाटणं यांतलं काही असेल तर नखांची वाट न बघता तपासणी करावी.

तपासणीत दोन गोष्टी हव्यात: सीबीसी (रक्तपेशींची मोजणी, यातच हिमोग्लोबिन कळतं) आणि फेरिटिन. हिमोग्लोबिनची खालची मर्यादा स्त्रियांत १२, गरोदरपणात ११ आणि पुरुषांत १३ ग्रॅम प्रति डेसिलिटर धरतात. फेरिटिन म्हणजे साठवलेलं लोह. ते हिमोग्लोबिनच्या बरंच आधी खाली येतं. पण ताप किंवा दाह चालू असताना ते खोटंच वर दिसतं, म्हणून आजारपण संपल्यावर मोजावं.

फेरिटिन न बघता लोहाच्या गोळ्या सुरू करण्यात आपल्याकडे एक खास धोका आहे. थॅलसेमियाच्या वाहकांत आणि विदर्भ, नंदुरबार पट्ट्यातल्या सिकलसेलच्या कुटुंबांत हिमोग्लोबिन कमी असतं, ते लोहाअभावीच असेल असं नाही. तिथे लोह ओतत राहणं हा उपचार नव्हे.

कमतरता ठरली की दोन कामं समांतर चालतात. लोह भरून काढणं हे एक. गोळी लिंबूपाणी किंवा आवळ्यासोबत घ्यावी. चहा, कॉफी, दूध आणि कॅल्शियमची गोळी यांपासून निदान एक-दोन तास लांब ठेवावी. जेवल्यावर लगेच चहा पिण्याची सवय इथे खरोखर नडते, कारण चहातलं टॅनिन जेवणातलं लोह अडवतं. शौच काळी होते, त्याने घाबरू नका. मळमळ झाली तर गोळी बंद न करता डॉक्टरांना सांगून मात्रा किंवा वेळ बदला. हिमोग्लोबिन साधारणपणे तीन-चार आठवड्यांत चढलेलं दिसतं, आणि बहुतेक जण इथेच चूक करतात: आकडा सुधारला की गोळी सोडतात. साठा भरायला त्यापुढे आणखी सुमारे तीन महिने लागतात. नखाचा आकार तर अजून मागून येतो, कारण खोलगट झालेला भाग दुरुस्त होत नाही, तो कापला जाईपर्यंत वाट बघावी लागते.

दुसरं काम म्हणजे लोह गेलं कुठे ते शोधणं. पाळीत जास्त रक्त जाणं, लागोपाठची बाळंतपणं, मूळव्याध, शेतात अनवाणी काम करून झालेले अंकुशकृमी ही नेहमीची कारणं. पुरुष किंवा पाळी बंद झालेली स्त्री यांच्यात लोह कमी निघालं तर ते अन्नाच्या कमतरतेवर ढकलू नये. जठरातून किंवा आतड्यातून रक्त झिरपत असण्याची शक्यता तपासलीच पाहिजे. घास गिळताना अडकतो अशी तक्रार सोबत असेल तर तेही आवर्जून सांगा.

तान्ह्या बाळांच्या पायाची नखं चमच्यासारखी असणं नेहमीचं आहे, ती आपोआप सुधारतात. पेट्रोल, रॉकेल, थिनरमध्ये हात असणाऱ्या गॅरेजमधल्या कारागिरांच्या नखांनाही रक्त व्यवस्थित असताना असा आकार येतो.

आडवी खाच: मागच्या आजारपणाची तारीख

मोठा ताप, शस्त्रक्रिया, केमोथेरपी अशा वेळी शरीर नख वाढवणं काही दिवस जवळजवळ थांबवतं. पुन्हा वाढ सुरू झाली की मधल्या थांब्याची आडवी खाच नखावर पुढे सरकत जाते. फ्रेंच वैद्य बो यांनी १८४६ मध्ये तिचं वर्णन केलं. टायफॉइड, डेंग्यू, मलेरिया, कोविड यांनंतर ती दिसते. अंगठ्याचं नख उजेडाकडे तिरकं धरून त्यावरून दुसऱ्या बोटाचं नख मुळापासून टोकाकडे फिरवा. खाच दिसण्याआधी हाताला लागते.

तारीख काढायची ती अशी. मुळाच्या कातडीपासून खाचेपर्यंतचं अंतर मि.मी.मध्ये मोजा आणि ३ ने भागा. आलेल्या महिन्यांत साधारण एक महिना मिळवा, कारण खाच आधी कातडीखालून बाहेर यावी लागते. अंतर ६ मि.मी. असेल तर ६ भागिले ३ म्हणजे २, अधिक १, म्हणजे सुमारे तीन महिन्यांपूर्वी काहीतरी झालं होतं. उत्तर दोन-तीन आठवडे इकडेतिकडे होतंच. वृद्धांची नखं सावकाश वाढतात, मुलांची भराभर. खाच रुंद असेल तर आजारपण लांबलं होतं असं धरावं. सगळ्या नखांवर खाच सारख्याच अंतरावर असेल आणि आजारपण आठवत असेल, तर काहीही करायचं नाही, ती पुढे जाऊन कापली जाईल. पुन्हा पुन्हा नव्या खाचा येत असतील आणि कारण आठवत नसेल तर मात्र तपासणी करावी.

मुलांना हात-पाय-तोंडावर फोड आणणारा विषाणूचा ताप येऊन गेला की महिना-दोन महिन्यांनी कधी कधी नखं मुळापासून सुटून गळतात. आईवडील फार घाबरतात. खाली नवं नख आलेलं असतं, औषध लागत नाही. सैल नख ओढू नका, चिकटपट्टीने झाका.

फक्त अंगठ्यांच्या मधोमध धुण्याच्या फळीसारख्या आडव्या रेघांची रांग असेल, तर ती अंगठ्याची मुळाची कातडी दुसऱ्या बोटाने सतत कुरतडण्याची सवय असते. अंगठ्यांना कागदी चिकटपट्टी लावून सवय मोडली की सहा महिन्यांत नख सरळ येतं. एकाच बोटाला खाचा आणि मुळाशी सूज असेल तर ते पाण्यातल्या कामाने मुरलेलं नखुरडं.

उभ्या रेघांचं काय? चाळिशीनंतर बहुतेकांच्या नखांवर बारीक उभ्या रेघा येतात, त्या वयाच्या आहेत. अपवाद दोनच: एकाच नखावर एकच खोल उभी घळ, जी मुळाशी दाबणाऱ्या गाठीने पडते, आणि नख पातळ होऊन फाटत, मुळाची कातडी नखावर पंखासारखी चिकटत जाणं. दुसऱ्या प्रकारात नख कायमचं जाऊ शकतं, त्वचारोगतज्ज्ञांना दाखवायला महिने लावू नका.

सुईने टोचल्यासारखे खड्डे

दोन-चार खड्डे निरोगी माणसातही असतात. अनेक नखांवर खोल, वेडेवाकडे खड्डे असतील, जोडीला नखाखाली तेलाच्या थेंबासारखा पिवळट-तांबूस डाग असेल, तर सोरायसिस, म्हणजे खवले धरणारा त्वचेचा आजार, शोधा: कोपर, गुडघे, डोक्याची कातडी, कानामागे, बेंबी, ढुंगणाची फट. कातडी स्वच्छ असूनही फक्त नखांचा सोरायसिस असू शकतो. इथे नखांपेक्षा सांध्यांची काळजी जास्त घ्यावी. सकाळी अर्ध्या तासाहून जास्त आखडलेपणा, नखालगतच्या सांध्याची सूज, टाचेचं दुखणं यांतलं काही असेल तर सांध्यांच्या तज्ज्ञांकडे जा, कारण नखांना सोरायसिस असलेल्यांना सांध्यांचा सोरायसिस होण्याची शक्यता जास्त असते आणि झिजलेला सांधा परत येत नाही. खड्डे उथळ आणि रांगेत मांडल्यासारखे असतील तर डोक्यात, दाढीत चाई पडली आहे का बघा.

सुटलेली, जाड, वाकलेली नखं

नख टोकाकडून सुटून पांढरं दिसू लागलं तर पहिला संशय भांडी-धुण्याच्या पाण्यावर आणि नखाखाली सुई घालून स्वच्छ करण्याच्या सवयीवर घ्या. सुटलेला भाग कापून टाका, खाली काही खुपसू नका, रबरी हातमोज्यांच्या आत सुती हातमोजे घाला, हात पुसून कोरडे ठेवा. तीन महिन्यांत फरक नसेल, किंवा वजन उतरणं, धडधड, हातांची थरथर असेल, तर टीएसएच, म्हणजे थायरॉइडची रक्तचाचणी, करा. थायरॉइड वाढल्यावर नखं सुटतात, बरेचदा अनामिकेपासून.

जाड, भुसभुशीत नख म्हणजे बुरशीच, असं धरून चालू नये. सोरायसिस आणि बुटांचा मार हुबेहूब तसंच दिसतं. बुरशीची गोळी हाताच्या नखांसाठी साधारण ६ आठवडे आणि पायांसाठी १२ आठवडे घ्यावी लागते, त्यामुळे आधी नखाचा तुकडा केओएच (बुरशी शोधणाऱ्या) तपासणीला द्या. तुकडा टोकाचा न देता सुटलेल्या भागाच्या सर्वांत मागचा द्यावा, आणि त्याआधी काही आठवडे मलम लावू नये, नाहीतर बुरशी असून अहवाल कोरा येतो.

सगळी नखं पिवळी, जाड, दोन्ही बाजूंनी वाकलेली, वाढच थांबलेली आणि मुळाची कातडी नाहीशी झालेली, असं एकत्र दिसलं तर ते दुर्मीळ पण स्पष्ट चित्र आहे. त्यात पायांवर सूज आणि फुप्फुसाभोवती पाणी येतं, म्हणून छातीची तपासणी हवी. पायाचं नख चिमट्यासारखं मांसात घुसत असेल तर ते सरळ रेषेत कापा, कोपरे गोल करू नका. मधुमेह असेल तर घरी ब्लेड लावू नका. तिथली एक छोटी जखम बोट जाईपर्यंत चिघळू शकते.

लगेच दाखवावं असं काय

प्रौढ वयात एकाच नखावर नव्याने आलेली, रुंदावत जाणारी काळी-तपकिरी उभी पट्टी, विशेषतः रंग मुळाच्या कातडीत उतरला असेल तर. सावळ्या वर्णात अनेक नखांवर फिकट पट्ट्या असणं नेहमीचं आहे, धोका एकट्या आणि बदलत्या पट्टीचा. त्याचप्रमाणे मार नसताना एकच नख उचललं जाऊन रक्त किंवा पाणी येणं, आणि थंड पाण्याने किंवा टाचणीच्या टोकाएवढ्या जागी दाबल्यावर जीवघेणी कळ येणं. ही शेवटची तक्रार नखाखालच्या छोट्या गाठीची असते. ती कर्करोगाची क्वचितच असते आणि काढून टाकली की कळ थांबते, पण नख वरून चांगलं दिसत असल्याने लोक वर्षानुवर्षं ती सोसतात. नव्याने गोल होणारी नखं आधी सांगितलीच.

डॉक्टरांकडे जाताना

नखांवर काही लावू नका. महिन्यांचे फोटो, मोजलेली अंतरं आणि सहा महिन्यांतली आजारपणं व औषधं एका कागदावर लिहून न्या. केस-नखांसाठी बायोटिनच्या गोळ्या चालू असतील तर ते आवर्जून सांगा. त्या थायरॉइड आणि हृदयाच्या काही रक्तचाचण्यांचे आकडे बिघडवतात, त्यामुळे रक्त देण्याआधी किती दिवस थांबवायच्या ते डॉक्टर किंवा प्रयोगशाळेला विचारा. पल्स ऑक्सिमीटर लावणार असतील तर त्या बोटावर गडद नेलपॉलिश किंवा मेंदी नको.

उपचार सुरू झाले की नखाच्या टोकाकडे बघत बसू नका, मुळाकडे बघा. मुळातून बाहेर येणारे पहिले २-३ मि.मी. गुळगुळीत आणि कमानदार असतील तर औषध लागू पडतं आहे. जुनं आणि नवं नख यांच्यातली सीमारेषा दर महिन्याच्या फोटोत ३ मि.मी. पुढे गेलेली दिसली पाहिजे. दोन महिन्यांनंतरही मुळातून तसंच बिघडलेलं नख येत असेल, तर निदान पुन्हा तपासून घ्या.